कपटेवाले अंबादासअण्णा

आमच्या गल्लीत लग्नपत्रिका वाटायला आलेला माणूस अंबादासअण्णांचं घर शेवटी ठेवतो. अण्णा पत्रिका हातात घेतात, कपाळावरचा चष्मा नाकावर आणतात, वरच्या 'श्री'पासून खालच्या 'आमच्या काकाच्या लग्नाला यायचं हं'पर्यंत एकूण एक ओळ वाचतात. तारीख आणि कार्यालयाचं नाव भिंतीवरच्या कॅलेंडरात लिहितात. गणपतीचं चित्र कात्रीने गोल कापून देवघरात ठेवतात. आणि उरलेली पत्रिका, देणारा अजून चहा पीत असतानाच, त्याच्या डोळ्यांदेखत चार तुकड्यांत फाडतात.

एका वधूपित्याला तर मी स्वतः पाणी नेऊन दिलेलं आहे. बिचारा ओट्यावर डोकं धरून बसला होता आणि अण्णा त्याची समजूत घालत होते, "अपशकुन कसला त्यात? लग्नाला येतो की आमी दोघंबी. पण अख्खी ठिवून काय करू? उद्या कोण उचललं, कुटं लागली, काय सांगता येतंय का?"

त्या माणसाला काही समजलं नाही. मलाही तेव्हा समजलं नव्हतं.

फाडलेल्या तुकड्यांचीही एक व्यवस्था आहे. चारांपैकी दोन तुकडे आजच्या घंटागाडीत जातात आणि दोन उद्याच्या. "एकाच दिवशी चारी दिले तर भेटतात की एकमेकांना," असं अण्णा म्हणतात, आणि हे म्हणताना ते हसत नाहीत. भरलेलं वीजबिल, बसचं तिकीट, औषधाच्या डबीतला बारीक अक्षरांचा कागद, कशाचीही सुटका नाही. त्यांच्या घरातून अख्खा कागद बाहेर पडलेला सोलापूरच्या भद्रावती पेठेत कोणी पाहिलेला नाही. त्यांच्या बायकोला, सुशीलाक्कांना, कोणी याबद्दल छेडलं तर त्या देवघराकडे बोट करून म्हणतात, "आमच्याकडं गणपती लई झालेत. बाकी काय त्रास न्हाय."

मी मुळात भित्री बाई आहे, हे आधीच सांगून टाकते. गॅस बंद केलाय का हे मी तीनदा बघते आणि कुलूप लावून चौकापर्यंत गेले तरी परत येऊन ओढून बघते. हायस्कूलात मराठी शिकवते, वर्गात पोरं मला टरकून असतात, आणि मी बाकी सगळ्या जगाला. अशा बाईच्या नशिबी शेजार आला तो अण्णांचा.

अकरा वर्षांपूर्वी आम्ही इथे राहायला आलो. तिसऱ्या दिवशी सकाळी सात वाजता दार वाजलं. बाहेर पांढरा पायजमा, बंडी आणि कपाळावर चष्मा असलेला उंच, वाळका म्हातारा. हातात माझ्याच बँकेचा चुकलेला फॉर्म, माझ्याच सहीसकट.

"बाई, हे तुमचंच काय की? कचऱ्यात अख्खा टाकलाय."

मी फॉर्म घेतला, दार लावलं आणि यजमानांना म्हटलं, आपल्या कचऱ्यात हात घालणारा माणूस शेजारी राहतो, आपण दुसरं घर बघू या. यजमान एस.टी.त नोकरीला. रोज शंभर तऱ्हेची माणसं बघून त्यांची भीती मेलेली आहे. ते म्हणाले, "फॉर्म परत आणून दिला ना? मग चांगलाच आहे." आणि झोपले. मी मात्र त्यानंतर महिनाभर कचऱ्याची बादली घंटागाडी आल्याशिवाय बाहेर ठेवली नाही.

पुढे ओळख वाढली तशी अण्णांची विद्या मला कळत गेली. टाकलेल्या कागदाला आपण सरसकट रद्दी म्हणतो, हे त्यांना अजिबात मान्य नाही. रद्दी म्हणजे टाकलेला, पण अख्खा कागद. हा सगळ्यांत वाईट, कारण तो टाकला असं फक्त आपल्याला वाटतं. बोळा म्हणजे चुरगळलेला. तो रद्दीपेक्षा लबाड, कारण मेल्यासारखा दिसतो आणि तळव्याने दाबला की उलगडतो. चिटोरा म्हणजे काहीतरी लिहिण्यासाठी फाडून घेतलेला. तो लहान असला तरी त्याच्यावर नाव नाहीतर नंबर असतो, म्हणून त्यालाही सोडायचं नाही. आणि ज्याच्यावरून काही म्हणजे काही परत वाचता येत नाही, तो कपटा.

"कागद कपटा झाला की मग कुणाचं भय न्हाय," अण्णा म्हणायचे.

मराठीची बाई म्हणून मला हा शब्द फार आवडला. पुस्तकांत कुठेतरी वाचलेला, पण बोलण्यात कोणाच्या तोंडी नाही, आणि तो वापरत होता घरात तेलुगू बोलणारा माणूस. मी शाळेतला शब्दकोश काढून बघितलं. कपटा म्हणजे कागदाचा किंवा कापडाचा तुकडा, इतकंच. अण्णांना जाऊन तसं सांगितलं तर ते जरा खट्टू झाले.

"एकच अर्थ दिलाय? दुसरा न्हाय?"

"दुसरा कोणता?"

"अय्यो, तोच तर खरा हाय."

दुसरा अर्थ समजायला त्यांचं काम समजून घ्यावं लागतं. अण्णा चाळीस वर्षं चादरीच्या कारखान्यात डिझाइनच्या खात्यात होते. चादरीवरची नक्षी आधी चौकटीच्या कागदावर, एकेक चौकट रंगवून काढायची. मग तिच्या एकेका ओळीसाठी जाड पुठ्ठ्याचं एकेक लांबट कार्ड भोकं पाडून तयार करायचं. अशी शेकडो कार्डं दोरीने ओवून त्यांची माळ मागावर चढवायची. जिथे भोक असेल तिथे धागा उचलला जातो, नसेल तिथे नाही, आणि खाली चादरीवर मोर उमटतो. आता हे सगळं काम संगणक करतो. पण तेव्हा एक भोक चुकलं की मोर चुकलाच.

एखादं-दुसरं भोक चुकीचं पडलं तर त्यावर कागदाचा बारीक तुकडा खळीने चिकटवायचा, वाळू द्यायचा आणि कार्ड उजेडात धरून बघायचं. हाही कपटा. अण्णांचे उस्ताद याच तुकड्याला कपटा म्हणत आणि खात्यातले सगळे त्यांचं ऐकून तसंच म्हणू लागले. त्याहून जास्त भोकं चुकली तर मात्र ते कार्ड दुरुस्त करायचं नाही, फाडायचं. आणि फाडल्याशिवाय हातातून खाली ठेवायचं नाही, हा उस्तादांचा नियम. चुकलेलं कार्ड आणि बरोबर कार्ड लांबून सारखंच दिसतं. अख्खं राहिलं तर कोणीतरी ते उचलून माळेत ओवतंच.

हे मला त्यांनी कधी सांगितलं, तर माझी फजिती झाली तेव्हा. सहामाहीची प्रश्नपत्रिका काढताना मी एक खर्डा चुकवला. कविता नववीच्या पुस्तकातली आणि तिच्यावरचे प्रश्न आठवीला. लक्षात आल्यावर नवी प्रश्नपत्रिका काढली आणि जुनी टेबलाच्या कोपऱ्यात ठेवली. अख्खी. शनिवारी छपाईला द्यायचा गठ्ठा बांधला तेव्हा सगळं ठीक होतं. सोमवारी आठवीच्या तीन तुकड्यांसमोर चुकलेली प्रश्नपत्रिका होती, कारण शिपायाने गठ्ठ्यातल्या नव्या कागदाऐवजी कोपऱ्यातला कागद छपाईला नेला होता. पोरं खूश झाली. मुख्याध्यापकांनी मला केबिनमध्ये बोलावलं आणि मी आठ दिवस जेवले नाही म्हटलं तरी चालेल.

अण्णांनी ते ऐकलं आणि माझ्या ओट्यावर येऊन बसले. हसतील असं वाटलं होतं, पण त्यांचा चेहरा उतरला होता.

"माझंबी झालंय असं, बाई," ते म्हणाले. "मोराची चादर होती. मानेची पंधरा-सोळा कार्डं माझ्या हातनं सरकली. एका बाजूला चार चार भोकं सरकून पडली. नवी काढली, पण जुनी फाडली न्हाय. सुट्टीचा भोंगा झालेला. सकाळी फाडू म्हटलं. सकाळी यायच्या आत माळेत गेली."

"मग?"

"मग काय? मोराची मान डाव्या बाजूला, धड उजव्या बाजूला. दोन पाळ्या चालला माग, कोण बघितलं न्हाय. पुरा गठ्ठा निघाला तसा." अण्णांनी स्वतःच्या मानेवरून बोट फिरवलं. "मागावर यल्लप्पा होता. मालक म्हणाला, तुला माग लावता येत न्हाय. त्याच दिवशी काढला त्याला. मी तितंच उभा होतो. बोललो न्हाय."

"का?"

"भ्यालो, बाई. नवीन लग्न झालेलं."

यल्लप्पा पुढे भिवंडीला गेला म्हणतात. अण्णा त्याला शोधायला दोनदा जाऊन आले. सापडला नाही. तेव्हापासून हे फाडणं चालू आहे. हे ऐकलं त्या दिवसापासून मीही माझ्या घरातला प्रत्येक टाकाऊ कागद फाडू लागले. चार तुकडे, दोन आज, दोन उद्या. यजमान म्हणाले, "एका गल्लीत एक पुरे होता." मी लक्ष दिलं नाही. मी अण्णांना वेडगळ म्हणत होते आणि त्यांच्या नियमाने वागत होते.

यंदा उन्हाळ्याच्या तोंडाला सुशीलाक्कांच्या मानेतली गाठ दुखायला लागली.

गाठ जुनी होती. जबड्याखाली, लिंबाएवढी. आक्कांनी सगळा जन्म मांडीवर सूप घेऊन विड्या वळल्या. मान खाली घालून काम करायचं म्हटल्यावर गाठ यायचीच, असं त्यांनी स्वतःच ठरवून टाकलं होतं. पण घास गिळताना त्रास व्हायला लागला तेव्हा अण्णा त्यांना दवाखान्यात घेऊन गेले. सुई घालून तपासणी झाली. रिपोर्ट आला आणि त्यात कॅन्सर लिहिलेला होता.

मला हे सांगायला अण्णा आले तेव्हा उंबऱ्याबाहेरच उभे राहिले. "मानेतच आलं की, बाई," एवढंच म्हणाले. त्यांच्या मनात कुठली मान होती ते मला लगेच समजलं.

त्यानंतरचे आठ दिवस मी विसरणार नाही. त्या आठ दिवसांत अण्णांनी एकही कागद फाडला नाही. दोन लग्नपत्रिका त्यांच्या ओट्यावर अख्ख्या पडून होत्या, वाऱ्याने त्यांतली एक गटारीपर्यंत गेली. घंटागाडी यायची, जायची, अण्णा बाहेर यायचे नाहीत. गल्लीतली माणसं एकमेकांकडे बघून आवाज खाली करायची. ज्या फाडण्याला आम्ही इतकी वर्षं हसत होतो, ते थांबलं तेव्हा सगळ्यांना धास्ती बसली. मी तर एके दिवशी त्यांच्या ओट्यावरची पत्रिका मुद्दाम त्यांच्या हातात नेऊन दिली. त्यांनी ती घेतली, उलटसुलट केली आणि परत खाली ठेवली.

आठ दिवस ते दवाखान्याच्या बाकावर बसून असायचे, मांडीवर फाइल घेऊन. डॉक्टरांना शंका आली होती. इतक्या जुन्या गाठीचा असा रिपोर्ट यायला नको, असं त्यांचं म्हणणं. त्यांनी पुन्हा नमुना घेतला आणि तो तपासायला दुसरीकडे पाठवला. गाठ साधी निघाली. आधीच्या ठिकाणी दोन बायकांच्या नमुन्यांची अदलाबदल झाली होती. कागदावर नाव आक्कांचं होतं, आजार दुसऱ्या कोणाचा.

मी त्या दिवशी त्यांच्याबरोबर होते. अण्णांनी पहिला प्रश्न विचारला, "मग ती दुसरी बाई? तिला साधी गाठ म्हणून सांगितलंय का?" डॉक्टर म्हणाले, तिला बोलावून घेतलंय, तिचे उपचार सुरू होतील. ते ऐकून अण्णांनी डोळे मिटले. मग डॉक्टर म्हणाले, गाठ गिळायला आड येते, येत्या सोमवारी काढून टाकू, छोटंसं ऑपरेशन आहे. "आणि तो पहिला रिपोर्ट आता विसरा. टाकून द्या."

"फाडून ना?" अण्णांनी विचारलं.

"तुमची मर्जी," डॉक्टर हसले.

अण्णा घरी आले, पाय न धुता फाइल उघडली आणि बघतात तर पहिला रिपोर्ट नाही.

तो गुरुवार होता. म्हणजे मध्ये तीन दिवस, आणि कुठेतरी एक चुकलेला कागद अख्खा. अण्णांना काय वाटत असेल ते मला सांगावं लागलं नाही. तो कागद कोणाच्या तरी हाती लागणार, नाव बघून कोणीतरी तो आक्कांच्या फाइलला लावणार, आणि सोमवारी टेबलावर छोट्या ऑपरेशनऐवजी सगळी मान कापली जाणार. मी त्यांना समजावलं, डॉक्टरांना माहीत आहे, असं होत नसतं. बोलताना माझाच आवाज मला खरा वाटेना. कोपऱ्यात ठेवलेली माझी प्रश्नपत्रिकासुद्धा जायला नकोच होती.

शोधाशोध सुरू झाली. गादीखाली, पिठाच्या डब्यामागे, ज्या रिक्षाने आले त्या रिक्षाच्या सीटखाली. हैदराबादला असलेल्या त्यांच्या मुलीला पाठवायला त्या रिपोर्टची झेरॉक्स काढली होती (ती प्रत तिच्याकडून फोनवरच फाडून घेतली), मूळ कागद तिथेच राहिला असेल म्हणून अण्णा मला घेऊन चौकातल्या झेरॉक्सवाल्याकडे गेले. त्याच्या मशिनखाली पुठ्ठ्याचं भलंमोठं खोकं होतं, बिघडलेल्या प्रतींनी भरलेलं. अण्णांनी ते फुटपाथवर उपडं केलं आणि समोर मांडी घातली. आधारकार्डं, सातबारे, जातीचे दाखले, कोणाचे लग्नाचे फोटो, अर्ध्या सोलापूरचे कागद तिथे होते. सगळे अख्खे.

"एवढे आधारकार्ड अख्खे टाकलाव?" अण्णा त्याच्यावर ओरडले. "लोकांना मारायचंय का तुला?"

"ओ अण्णा, धंद्याच्या टायमाला काय हे? गिऱ्हाईक बघायलेत," तो म्हणाला.

"बघू दे. तूबी बस खाली. फाड."

भर उन्हात दोन तास आम्ही तिघं फुटपाथवर बसून फाडत होतो. एक ओळखीची पालक बाई तिथून गेली आणि मला नमस्कार करून थांबली. मी हातातला कोणाचा तरी उत्पन्नाचा दाखला फाडत तिला नमस्कार केला. आक्कांचा रिपोर्ट त्यात नव्हता.

शनिवारी आम्ही दवाखान्यात गेलो. काउंटरवरच्या मुलीने वैतागत का होईना, फाइल उघडून एकेक पान दाखवलं. दुसरा रिपोर्ट होता, पहिला नव्हता. मला हायसं वाटलं. जिना उतरताना अण्णा म्हणाले, "आज न्हाय. सोमवारी?"

माझाही गठ्ठा शनिवारी ठीकच होता.

रविवारी दुपारी मी आक्कांची पिशवी भरायला त्यांच्या घरी गेले. अण्णा पुन्हा एकदा रिक्षावाल्याला भेटायला गेले होते. आक्का खाटेवर शांत बसल्या होत्या. ज्यांची मान कापायची त्या निवांत आणि आम्ही दोघं घामाघूम, असा सगळा प्रकार. त्यांनी मला पेटीतून धुवट साडी काढायला सांगितलं. मग म्हणाल्या, "बाई, दार लोटून घ्या. त्या हिरव्या साडीच्या घडीत बघा."

मी घडी उघडली. आत तो रिपोर्ट होता.

हातात जिवंत विंचू आल्यासारखा मी तो कागद धरला होता. "आक्का! अहो, तिकडे अण्णांचा जीव चाललाय! दोन दिवस जेवले नाहीत ते."

"ठाऊक हाय," आक्का म्हणाल्या. "मागनं बघा."

मी कागद उलटा केला. मागच्या कोऱ्या बाजूला निळ्या पेनने आखलेल्या बारीक चौकटी होत्या, पट्टी न वापरता आखलेल्या आणि तरी सरळ. त्यांतल्या काही भरलेल्या, काही रिकाम्या. जवळून काहीच समजेना. आक्का म्हणाल्या, लांब धरा. हात लांब केला तेव्हा चौकटींतून एक बाई दिसली. मांडीवर सूप, सुपात विडीची पानं, हात कामात. फक्त ती खाली बघत नव्हती. तिची मान सरळ होती आणि ती समोर बघत होती. मानेवर गाठ नव्हती.

"दवाखान्यात बसून काढलाय," आक्का म्हणाल्या. "हात चालू होता त्याचा, ध्यान न्हवतं. मी शेजारीच बसलेली. चाळीस वर्षं सगळ्यांच्या चादरीवर मोर काढला, फुलं काढला. मला कदी काढला न्हाय. आता काढला तर कशावर काढला बघा. त्याच्या हातात दिला की चार तुकडे करतोय. मी फाडू देणार न्हाय. म्हणून फाइलीतनं काढून घेतले."

"पण त्यांची भीती..."

"मलाबी हाय की भीती," आक्का म्हणाल्या. "उद्या मी उठले न्हाय तर? मग हे चित्र कोण बघणार?"

एवढ्यात ओट्यावर चपला वाजल्या आणि दार उघडून अण्णा आत आले. माझ्या हातात कागद होता, छापील बाजू त्यांच्याकडे. लपवायला वेळ नव्हता आणि खरं सांगायचं तर मला लपवायचाही नव्हता.

अण्णांनी तो जवळजवळ हिसकावूनच घेतला. दोन्ही हातांच्या चिमटीत धरला. फाडायच्या आधी त्यांचे अंगठे जसे जवळ येतात तसे आले. आक्का खाटेवरून उठल्या नाहीत. फक्त म्हणाल्या, "मागनं बघ की जरा."

अण्णांनी उलटा केला. त्यांचा चष्मा कपाळावरच होता, तो खाली घ्यायचं त्यांना सुचलं नाही. पण स्वतःचं काम ओळखायला त्यांना चष्मा लागत नसावा. मला वाटलं आता फाडतील, आणि मला वाटलं आता रडतील.

"ह्यो मी काढलोय?" त्यांनी विचारलं.

"मग कोण काढलंय?" आक्का म्हणाल्या.

अण्णा तसेच खाली बसले. बराच वेळ कधी ही बाजू, कधी ती बाजू बघत राहिले. मग माझ्याकडे न बघताच म्हणाले, "बाई, चुलीपाशी कणिक आसंल. जरा खळ करता का? पातळ नको." आणि आक्कांना म्हणाले, "माझा डबा दे."

आक्कांनी खाटेखालून पत्र्याचा एक डबा सरकवला. झाकण उघडलं तर आत कार्डांतून पडलेल्या पुठ्ठ्याच्या बारीक गोल टिकल्या आणि कागदाचे असंख्य चिमुकले तुकडे. अख्ख्या जन्मात टाकलेला कागद घरात न ठेवणाऱ्या माणसाने हे मात्र ठेवलं होतं. कारखान्यातून शेवटच्या दिवशी आणलेले कपटे.

दुपारभर अण्णा फरशीवर बसून होते. कागद पालथा घालून, चित्राला डाग लागू नये म्हणून खाली धुवट साडीची घडी ठेवून, ते छापील अक्षरांवर एकेक कपटा बसवत होते. बोटाच्या टोकावर खळ, खळीवर कपटा, वरून नखाने दाब. एका चुकीला एक कपटा. इतक्या चुका असलेलं कार्ड उस्तादांनी फाडायलाच लावलं असतं, हे मला माहीत होतं आणि अण्णांनाही. आजाराचं नाव झाकलं, गाठीचं माप झाकलं, खालची सही, शिक्का, तारीख झाकली. आक्का वरून बघत होत्या आणि मध्येच म्हणत होत्या, "तितं एक राहिलं बघ," आणि अण्णा म्हणत होते, "दिसतंय मला."

ऊन उतरायला लागलं तेव्हा ते उठले. कागद माझ्या हातात दिला. "बाई, तुमी पेपर तपासता. तपासा."

मी खिडकीशी गेले आणि त्यांच्या खात्यात कार्ड बघायचे तसा कागद उजेडात धरला. कपट्यांच्या जाड थरातून काहीसुद्धा वाचता येत नव्हतं. सगळा कागद अंधारा झाला होता. फक्त वरच्या बाजूला एक पातळ पट्टी मोकळी होती आणि तिच्यातून उजेड येत होता. तिथे आक्कांचं नाव होतं.

"अण्णा," मी म्हटलं, "हे राहिलंय."

"राहू दे," अण्णा म्हणाले. "तेवढं बरोबर हाय."